सेवा नियमितीकरण आणि पात्रता दिनांक

सरकारी खात्यांत रोजंदारी, मानधन, कंत्राट किंवा तदर्थ तत्त्वावर काम करणाऱ्यांना नियमित आस्थापनेवर घेणे म्हणजे सेवा नियमितीकरण. कोणाला कायम करायचे हे बहुतेक आदेशांत दोन अटींवर ठरते : अमुक तारखेला (हाच पात्रता दिनांक) कामावर असणे, आणि त्या तारखेपर्यंत ठरावीक वर्षे, वर्षाला बहुधा किमान २४० दिवस, काम केलेले असणे. संविधानाच्या अनुच्छेद १४ व १६ नुसार सरकारी नोकरी सर्वांना खुल्या स्पर्धेतून मिळायला हवी. त्यामुळे नियमितीकरण हा कायद्याच्या दृष्टीने अपवाद ठरतो आणि पात्रता दिनांक त्या अपवादाला कुंपण घालतो. खजिन्यावरचा बोजा आधी मोजता यावा आणि मागल्या दाराची भरती थांबावी, हे त्यामागचे प्रशासकीय कारण. दुसरे उद्दिष्ट क्वचितच साधते.

केंद्र सरकारची नैमित्तिक कामगारांसाठीची योजना १ सप्टेंबर १९९३ पासून लागू झाली. वर्षभराच्या सलग सेवेत २४० दिवस (पाच दिवसांचा आठवडा असलेल्या कार्यालयांत २०६) भरलेल्यांना तिने ‘तात्पुरता दर्जा’, म्हणजे कायम न करता काही लाभ, दिला. पुढे लागलेल्यांनीही तो मागितला, तेव्हा ही योजना कायम चालू राहणारी नसून सुरुवातीला कामावर असलेल्यांपुरतीच आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये स्पष्ट केले.

या विषयातली सर्वांत वजनदार तारीख मात्र १० एप्रिल २००६. कर्नाटकातील रोजंदारी कर्मचाऱ्यांच्या उमादेवी प्रकरणात त्या दिवशी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने निकाल दिला : केवळ अनेक वर्षे काम केले म्हणून कायम होण्याचा हक्क मिळत नाही. पण पीठाने ‘बेकायदेशीर’ आणि ‘अनियमित’ नेमणुका वेगळ्या केल्या. अनियमित म्हणजे मंजूर व रिक्त पदावर, आवश्यक अर्हता असलेल्याची, पण रीतसर भरतीविना झालेली नेमणूक. असा माणूस न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना दहा वर्षे काम करत असेल, तर त्याचा एकवेळची बाब म्हणून विचार करावा आणि ही प्रक्रिया सहा महिन्यांत सुरू करावी, असे सांगितले. अनेक खात्यांनी निकालाचा पहिला भाग तेवढा पाठ केला. म्हणून २०१० मध्ये केसरी प्रकरणात न्यायालयाला बजावावे लागले, की खात्याने ही प्रक्रिया केलीच नसेल तर त्या तारखेला दहा वर्षे भरलेल्यांचा हक्क बुडत नाही.

तारीख जशीच्या तशी उचलली की काय होते, ते झारखंडने दाखवले. हे राज्य १५ नोव्हेंबर २००० रोजी अस्तित्वात आले. त्याच्या नियमावलीने १० एप्रिल २००६ रोजी दहा वर्षांची सेवा मागितली, म्हणजे राज्याच्या वयापेक्षा जास्त! २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही अट व्यवहार्य नसल्याचे सांगून नियमावली लागू झाल्याच्या दिवशी दहा वर्षे भरलेल्यांना लाभ देण्यास सांगितले.

महाराष्ट्रात हा प्रश्न वेगळ्या वाटेने आला. बांधकाम व पाटबंधारे खात्यांतील मजुरांना १९६७ च्या कालेलकर तडजोडीनुसार पाच वर्षांच्या सलग सेवेनंतर रूपांतरित अस्थायी आस्थापनेवर (रोजंदारीतून आलेल्यांच्या वेगळ्या आस्थापनेवर) घेतले जाई. शिवाय १९७१ च्या कामगार संघटना मान्यता व अनुचित कामगार प्रथा प्रतिबंध कायद्याने, कायमपणाचे लाभ टाळण्यासाठी वर्षानुवर्षे बदली (दुसऱ्याच्या जागी) किंवा हंगामी कामगार म्हणून राबवणे ही अनुचित प्रथा ठरवली आहे. पुण्याच्या पाचगाव-पर्वती वनीकरणावरील मजुरांना याच तरतुदीने तारले. सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये त्यांच्या बाजूने निकाल दिला. पाठोपाठ ३१ जानेवारी १९९६ चा वन विभागाचा शासन निर्णय आला. त्याची अट होती १ नोव्हेंबर १९९४ पर्यंत पाच वर्षे, दरवर्षी किमान २४० दिवस. तीत न बसलेले मजूर न्यायालयांत जात राहिले आणि २०१२ मध्ये सरकारला पुढच्या मजुरांसाठी आणखी एक निर्णय काढावा लागला. उमादेवीनंतरही औद्योगिक न्यायालयाचे या कायद्याखालचे अधिकार शाबूत आहेत, हे एसटी महामंडळाच्या प्रकरणात २००९ मध्ये ठरले.

प्रत्यक्षात भांडण तारखेपेक्षा दिवसांच्या मोजणीवर होते. रोपवाटिकेतले काम हंगामी. हजेरीपट खात्याच्या ताब्यात. एखाद्या वर्षी २३१ दिवस भरले, की ते वर्ष बाद. कंत्राटी पदांवर हेच काम ‘तांत्रिक खंड’ करतो : अकरा महिन्यांचा आदेश, मध्ये एक-दोन दिवसांची सुट्टी, पुन्हा तोच माणूस, तेच टेबल, नवा आदेश. सेवापुस्तक नसल्याने सलगता सिद्ध करण्यासाठी कर्मचाऱ्याला जुने नेमणूक आदेश जपून ठेवावे लागतात. अशा खंडांना न्यायालये सहसा कृत्रिम मानतात, पण तिथवर पोहोचायला वर्षे जातात. डिसेंबर २०२४ च्या जग्गो प्रकरणात तर सर्वोच्च न्यायालयाने, दीर्घ सेवा झालेल्यांचे दावे फेटाळण्यासाठी उमादेवी निकालाचा गैरवापर होत असल्याबद्दल सरकारी खात्यांना सुनावले.

कायम झाल्यावरही एक तारीख आड येते. महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ किंवा त्यानंतर नियुक्त झालेल्यांना जुनी निवृत्तिवेतन योजना सहसा लागू नाही. १९९० च्या दशकात रोजंदारीवर लागून त्यानंतर नियमित झालेल्याची ‘नियुक्ती’ कोणत्या दिवसाची धरायची, यावर अनेक दावे लढले गेले आहेत.