मीटरचा लाल दिवा आणि छताचा पंखा

एप्रिल लागला की सोलापुरात पंखा बंद होतो तो फक्त लाईट गेल्यावर. तरी लाईट बिल वाढलं की बोट जातं फ्रिजकडे. ४८ इंची साधा पंखा फुल स्पीडला ७० ते ८० वॅट खातो. ७५ वॅटचा पंखा रोज १६ तास चालला तर दिवसाला १.२ युनिट, महिन्याला ३६. दोन खोल्यांचे दोन पंखे धरले की ७२.

तुमचा पंखा नेमका किती खातो, हे मीटरच सांगतो. फ्रिज, इन्व्हर्टर, चार्जर, सगळं बंद करा आणि एकच पंखा फुलवर ठेवा. मीटरवरचा लाल दिवा एका युनिटला किती वेळा लुकलुकतो, तो आकडा मीटरवरच छापलेला असतो. बऱ्याच मीटरवर ३२००. दिवा लागताच शून्यापासून मोजायला घ्या, दहाव्या वेळी घड्याळ थांबवा आणि आलेल्या सेकंदांना दहाने भागा. ११२५ ला त्या उत्तराने भागलं की वॅट निघाले. १५ सेकंद आले तर ७५ वॅट. ३० वॅटच्या बीएलडीसी पंख्याला, म्हणजे ब्रश नसलेल्या डीसी मोटारीच्या, कमी वीज खाणाऱ्या पंख्याला, साडेसदतीस सेकंद लागतील. आकडा ३२०० नसेल तर ११२५ च्या जागी ३६ लाख भागिले तो आकडा घ्या.

एवढा फरक का? साध्या मोटारीत रोटरमधलं चुंबकत्वही विजेवरच तयार होतं, आणि त्यात बरीच वीज उष्णता होऊन जाते. बीएलडीसीत कायमचे चुंबक बसवलेले असतात. तोच पंखा, तेच १६ तास, पण महिन्याला १४.४ युनिट. वाचली २१.६. महावितरणच्या घरगुती दरात १०० युनिटांनंतर दर चढतो, म्हणून वाचलेली युनिटं आधी वरच्या, महाग टप्प्यातून कमी होतात. युनिटला १० रुपये धरले तर महिना २१६ रुपये. किमतीतला फरक दीड हजार असेल तर सात महिन्यांत वसूल. पाहुण्यांच्या खोलीतला दोन तासांचा पंखा मात्र बदलू नका, तिथे हे गणित बसत नाही.

बीएलडीसी पंखा जुन्या रेग्युलेटरवर जोडू नका, आतलं सर्किट जळू शकतं. रेग्युलेटर काढून थेट बटणावर घ्या. साध्या पंख्याला जुना डबडा रेग्युलेटर असेल तर पंखा हळू केला तरी फारसं वाचत नाही. उरलेली वीज त्या डब्यात तापून जाते. इलेक्ट्रॉनिक रेग्युलेटर लावला की बचत खरी होते.

पंखा नुसता गुणगुणतो आणि काठीने ढकलल्यावरच फिरतो? बहुतेक वेळा कपॅसिटर गेलेला असतो. मेन स्विच बंद करून जुन्यावर छापलेल्याच मायक्रोफॅरडचा, बहुधा २.५ चा, नवा बसवा. वेग वाढावा म्हणून मोठा टाकला तर वाइंडिंग तापतं. आणि सोलापूरच्या पूर्व भागात, यंत्रमागाला लागून घर असेल तर पात्यांची पुढची कड दर पंधरा दिवसांनी ओल्या फडक्याने पुसा. तिथे चिकटलेल्या रुईच्या तंतूंमुळे वारा कमी लागतो, वीज मात्र तेवढीच जाते.