पार्श्वभूमी : सहा तासांची मुदत आणि १८० दिवसांच्या नोंदी

फाइली लॉक करून खंडणी मागणारा वॉनाक्राय (अशा प्रोग्रॅमला रॅन्समवेअर म्हणतात) १२ मे २०१७ ला पसरला. त्यावरची विंडोजची दुरुस्ती १४ मार्चलाच आली होती, ती ज्यांनी टाकली नाही ते अडकले. ऑगस्ट २०१८ मध्ये पुण्यातल्या एका सहकारी बँकेचे सुमारे ९४ कोटी गेले. पैसे काढण्याची विनंती मूळ यंत्रणेपर्यंत पोहोचतच नव्हती, एटीएम आणि बँक यांच्यामधला बनावट स्विच, म्हणजे विनंत्या पुढे धाडणारी यंत्रणाच, ती मंजूर करत होता. पतसंस्थांचं जाळं असलेल्या सांगली-साताऱ्याने तेव्हाच जागं व्हायला हवं होतं.

वाद मात्र पेटला तो २८ एप्रिल २०२२ च्या केंद्राच्या आदेशावर. हल्ला लक्षात आल्यापासून ६ तासांत सर्ट-इन या केंद्राच्या सायबर सुरक्षा यंत्रणेला कळवायचं आणि लॉग, म्हणजे संगणकावर काय काय घडलं त्याच्या नोंदी, १८० दिवस जपायच्या. २०१३ च्या नियमांत नुसतं ‘वाजवी वेळेत’ होतं. युरोपात ७२ तास, मग इथे ६ च का, अशी ओरड मोठ्या कंपन्यांनी केली. लहान उद्योगांना २५ सप्टेंबरपर्यंत सवलत मिळाली. खरं तर ओरड भलत्याच जागी होती. कळवायला एक ईमेल पुरतो, हाताशी असेल तेवढीच माहिती चालते, उरलेली मागाहून देता येते. घोडं पेंड खातं ते लॉगपाशी.

मार्केट यार्डातली अडत पेढी घ्या किंवा तालुक्याची पतसंस्था. हिशेबाचा एकच सर्व्हर, आणि सॉफ्टवेअरवाल्याला घरबसल्या काम करता यावं म्हणून राउटरवर रिमोट डेस्कटॉपचा (दुरून संगणक चालवण्याचा) ३३८९ पोर्ट, म्हणजे इंटरनेटवरून आत यायचा दरवाजा, सताड उघडा. त्यावर रात्रंदिवस पासवर्ड लावून बघणं चालू असतं. विंडोजच्या सिक्युरिटी लॉगला मुळात जागा २० एमबी, भरला की जुन्या नोंदी पुसत जातो. फसलेला प्रत्येक प्रयत्न ४६२५ क्रमांकाने पडतो. यशस्वी लॉगिनची ४६२४ ची नोंद त्या गर्दीत काही दिवसांत वाहून जाते. चोर मात्र फाइली लॉक करण्याआधी कित्येकदा आठवडेच्या आठवडे आत वावरलेला असतो. मग कळवणार काय?

उपाय सोपे आहेत. विंडोजच्या इव्हेंट व्ह्यूअरमध्ये लॉगची मर्यादा वाढवायची, नोंदी रोज दुसऱ्या मशीनवर पाठवायच्या, पोर्ट बंद करून व्हीपीएन, म्हणजे आत यायचा सुरक्षित खासगी मार्ग, लावायचं. बॅकअपची हार्ड डिस्क काम झालं की काढून ठेवायची. जोडलेली राहिली तर तीही लॉक होते.

जुलै २०२४ अखेर एका सेवा पुरवठादारावर रॅन्समवेअर पडलं आणि सुमारे ३०० छोट्या बँका पेमेंट जाळ्यातून तात्पुरत्या तोडाव्या लागल्या. स्वतःचा सर्व्हर चोख असूनही. वैयक्तिक माहितीच्या संरक्षणासाठी केंद्राने नोव्हेंबर २०२५ मध्ये काढलेल्या नियमांनी ती माहिती फुटल्यास ७२ तासांत सविस्तर अहवाल मागितला आहे, ही अट नियम निघाल्यापासून दीड वर्षाने लागू होण्याची तरतूद आहे. ६ तासांची अट तिने उठत नाही.