पोलीस नेमके कोणाला बांधील?

तक्रार घ्यायला टाळाटाळ, ठाण्यातली अरेरावी, मोर्चावरचा लाठीमार, बदल्यांमागचे राजकारण. पोलिसांवर लोक चिडतात ती कारणे आजची वाटतात. त्यांची मुळे मात्र दीडशे वर्षांहून जुन्या एका प्रश्नात आहेत: पोलिसाने जाब कोणाला द्यायचा?

इंग्रजांच्या आधी मराठी मुलखात राखण गावाकडे होती. पाटील प्रमुख, त्याच्या हाताखाली महार जागले आणि रामोशी. चोरी झाली की पावलांचा माग काढत निघायचे. माग शेजारच्या गावाच्या शिवेत शिरला की पुढचे काम त्या गावाच्या राखणदाराचे. ज्या गावात माग संपेल, त्याने चोर हजर करायचा, नाहीतर नुकसान भरून द्यायचे. ही व्यवस्था गोंडस मुळीच नव्हती. राखणीचे काम जातीवर लादलेले होते. शहरात कोतवालाच्या हाती किती सत्ता एकवटे, ते पुण्याने घाशीराम कोतवालाच्या काळात भोगले. १७९१ मध्ये त्याच्या कोठडीत ब्राह्मण गुदमरून मेले आणि खवळलेल्या लोकांनी त्याला दगडांनी ठेचून मारले. तरीही गावपातळीवर राखणदार आणि ज्यांची राखण करायची ते लोक एकमेकांना ओळखत होते, आणि चोरीचा भुर्दंड साऱ्या गावाला बसत होता.

कंपनी सरकारने हे मोडले. लंडनमध्ये १८२९ साली रॉबर्ट पील यांनी उभे केलेले पोलीस बहुतांशी बिनहत्यारी होते. लोकांनी त्यांना सैनिक समजू नये म्हणून गणवेशही मुद्दाम निळा ठेवला होता. हिंदुस्थानात आला तो आयर्लंडचा नमुना: बराकीत राहणारे, हत्यारबंद, प्रजेला काबूत ठेवण्यासाठी उभारलेले दल. १८४३ मध्ये सिंध जिंकल्यावर चार्ल्स नेपियरने तो तिथे वापरला आणि १८५३ मध्ये मुंबई इलाख्याने त्याच धर्तीवर जिल्ह्याजिल्ह्यात पोलीस अधीक्षक नेमले. पुढे १८५७ च्या उठावाने राज्यकर्त्यांची झोप उडाली आणि १८६१ चा पोलीस कायदा आला. जिल्ह्याचे पोलीस अधीक्षकाच्या हाती आणि अधीक्षक जिल्हा दंडाधिकाऱ्याच्या नियंत्रणाखाली, अशी ती उतरंड होती. एखाद्या भागात गडबड झाली तर तिथे जादा पोलीस बसवून त्यांचा खर्च तिथल्याच रहिवाशांकडून वसूल करायची तरतूदही त्यात होती. मुंबई इलाख्याने १८६७ आणि १८९० मध्ये आपले वेगळे कायदे केले, पण साचा तोच राहिला.

आपल्याच पोलिसांवर इंग्रजांचा किती विश्वास होता? १८७२ च्या पुरावा कायद्याचे कलम २५ पाहा: पोलिसापुढे दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध चालणार नाही. मारून कबुली घेतली जाते हे सरकारला पक्के ठाऊक होते. १८५५ मध्ये मद्रास इलाख्यातल्या छळाची चौकशी करणाऱ्या आयोगाने ते लिहूनच ठेवले होते. हा नियम २०२४ पासून लागू झालेल्या नव्या साक्ष अधिनियमातही कायम आहे, आणि माझ्या मते तो राहायलाच हवा. १९०२-०३ च्या फ्रेझर आयोगानेही पोलीस भ्रष्ट आणि जुलमी समजले जातात, लोकांचा त्यांच्यावर विश्वास नाही, असे स्पष्ट म्हटले. दरम्यान १८७१ च्या कायद्याने जमातीच्या जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरवून पोलिसांच्या हजेरीला बांधल्या. तो कलंक कायद्यातून पुसला गेला १९५२ मध्ये. एकेकाळी गावे राखणारे रामोशी आज महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत आहेत. पोलिसांच्या इतिहासातली ही गोष्ट मला सर्वांत जास्त सलते.

स्वातंत्र्यानंतर मुंबई पोलीस कायदा १९५१ मध्ये नव्याने झाला, पण जाब वरच्यालाच द्यायचा ही रीत बदलली नाही. साहेबाच्या जागी मंत्री आले. आणीबाणीत पोलीस कसे वापरले गेले ते पाहून १९७७ मध्ये धर्मवीर यांच्या अध्यक्षतेखाली राष्ट्रीय पोलीस आयोग नेमला गेला. त्याचे अहवाल धूळ खात पडले. अखेर निवृत्त पोलीस महासंचालक प्रकाश सिंह यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सात निर्देश दिले. महत्त्वाच्या पदांवर किमान दोन वर्षांचा कार्यकाळ, तपास आणि बंदोबस्त यांची फारकत, नागरिकांसाठी तक्रार प्राधिकरण हे त्यांतले मुख्य. महाराष्ट्राने २०१४ मध्ये कायद्यात दुरुस्ती केली, पण कार्यकाळ पुरा होण्याआधी बदली करण्याची वाट त्यात सरकारसाठी उघडीच ठेवली.

या सगळ्यात हवालदाराचा विचार सर्वांत कमी झाला. पोलीस 'सदैव कर्तव्यावर' समजला जाईल, हे १८६१ च्या कायद्यातले तत्त्व महाराष्ट्राच्या आजच्या कायद्यातही कलम २८ म्हणून आहे. बारा-बारा तासांची ड्युटी, रद्द झालेल्या रजा, सणासुदीला रस्त्यावर उभे राहणे, हे सारे त्यातूनच येते. ऑगस्ट १९८२ मध्ये मुंबईच्या पोलिसांनी संघटना करून आवाज उठवला, तेव्हा सरकारने लष्कर बोलावले आणि संघटना मोडून काढली. आठ तासांच्या ड्युटीचा प्रयोग मुंबईत सुरू व्हायला २०१६ साल उजाडले, तोही आधी एकट्या देवनार पोलीस ठाण्यात.