खुलासा : कर्णबधिर नटीला ओठ बघून सगळं कळतं का?

जळगाव-धुळ्याकडच्या ग्रुपांवर वर्षानुवर्षं एक मेसेज फिरतोय : "कर्णबधिर नटीला ऐकू येत नाही, पण समोरच्याचे ओठ बघून ती एकूण एक शब्द ओळखते." कौतुकापोटीच लोक तो पुढे पाठवतात, पण तो खरा नाही.

तपासायला घरातला आरसा पुरे. आवाज न काढता 'पापा', 'बाबा', 'मामा' म्हणून बघा. तिन्ही वेळा ओठ सारखेच मिटतात, कारण प, ब, म यांतला फरक घशात आणि नाकात होतो. क, ग तर तोंडात मागे उच्चारले जातात, ते बाहेरून दिसणार कुठून? त्यात समोरच्याला झुपकेदार मिशा असल्या किंवा तो पाठमोरा होऊन भरभर 'काय करी ऱ्हायना' म्हणाला, की संपलंच! ओठांची मदत होते, पण बरंचसं संदर्भावरून जुळवावं लागतं.

मग रंगमंचावर कसं जमतं? स्वतःचे आणि इतरांचेही संवाद पाठ करून. कुणी पदर सावरला, खुर्ची सरकवली, प्रकाश बदलला, की तिची पाळी. लाकडी स्टेजवर ढोलकीचा ठेका तळपायांना जाणवतो. शूटिंगला दिग्दर्शकाच्या सूचना दुभाषी खुणांच्या भाषेत पोचवतो. १९८७ साली सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं ऑस्कर मिळवणारी नटी कर्णबधिरच होती. त्या सिनेमातली तिची भूमिका जवळजवळ पूर्णपणे खुणांच्या भाषेत आहे.

शाळेच्या गॅदरिंगमध्ये अशी मुलगी असेल, तर दिसणारे इशारे तालमीतच ठरवून घ्या.