मॉर्टिमर व्हीलर : दूरचित्रवाणीवरील कारकीर्द

व्हीलर, सर मॉर्टिमर : (१० सप्टेंबर १८९०–२२ जुलै १९७६). ब्रिटिश पुरातत्त्वज्ञ. आपल्याकडे ते भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे १९४४ ते १९४८ या काळातील महासंचालक म्हणून परिचित आहेत. ब्रिटनच्या घराघरांत मात्र ते पोहोचले बीबीसीच्या पडद्यावरून, तेही साठी ओलांडल्यावर.

‘अ‍ॅनिमल, व्हेजिटेबल, मिनरल?’ हा कार्यक्रम १९५२ साली सुरू झाला. संग्रहालयातील एखादी वस्तू तज्ज्ञांपुढे ठेवायची आणि ती कुठली, कोणत्या काळातली, कशासाठी वापरलेली हे त्यांनी ओळखायचे, एवढाच खेळ. सूत्रधार होते केंब्रिजचे पुरातत्त्वज्ञ ग्लिन डॅनियल. खरी गंमत उत्तरात नव्हतीच. वस्तू हातात फिरवून तिची घडण आणि झीज न्याहाळणे, तर्क बांधणे, तोच पुन्हा खोडणे, ही अभ्यासकाची रीत प्रेक्षकांना प्रत्यक्ष पाहायला मिळे. मिशांना पीळ देत बोलणारे व्हीलर त्यात रंग भरत. १९५४ साली ते वर्षातील दूरचित्रवाणी व्यक्तिमत्त्व ठरले. पुढच्या वर्षी तोच मान डॅनियल यांना मिळाला.

‘बरीड ट्रेझर’ ही माहितीपट मालिका १९५४ मध्येच आली. डेन्मार्कमधील दलदलीत १९५० साली सापडलेल्या टोलुंड मानवाच्या, म्हणजे दलदलीत टिकून राहिलेल्या एका प्राचीन माणसाच्या देहाच्या, पोटातील अन्नावरून शिजवलेली पेज व्हीलर आणि डॅनियल यांनी तिच्यात चाखून पाहिली. ती त्यांना मुळीच आवडली नाही. प्रयोगशाळेतला निष्कर्ष असा जिभेवर आणून दाखवणे, हे माझ्या मते या मालिकेचे मोठे यश.

ही हातोटी पडद्यावर शिकलेली नव्हती. मेडन कॅसल या इंग्लंडमधील प्राचीन डोंगरी किल्ल्याच्या उत्खननात (१९३४–३७) व्हीलर यांनी वार्ताहर आणि सामान्य प्रेक्षक यांना मुद्दाम सामावून घेतले होते. खर्च ज्यांच्या पैशातून होतो त्यांना काम समजलेच पाहिजे, ही त्यांची धारणा होती. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात पुढे पुरातत्त्वाची परंपरा उभारणारे ह. धी. सांकलिया यांनी विद्यार्थिदशेत याच उत्खननात काम केले.

कथनाच्या या ताकदीची दुसरी बाजूही नोंदवायला हवी. मोहेंजोदडोतील सांगाड्यांवरून व्हीलर यांनी १९४७ मध्ये आर्य आक्रमकांनी केलेल्या कत्तलीचे चित्र उभे केले. ते इतके ठसठशीत होते की पाठ्यपुस्तकांत जाऊन बसले. हे सांगाडे एकाच काळातले नाहीत आणि कत्तलीचा पुरावा मिळत नाही, असे अमेरिकन पुरातत्त्वज्ञ जॉर्ज डेल्स यांनी १९६४ मध्ये दाखवून दिले. तरीही ती कथा दीर्घकाळ सांगितली जात राहिली.