जुनी सॅमन फ्लाय आणि फ्रेममधली सॅमन फ्लाय: दिसायला जुळ्या, पण खानदान वेगळं

ऑनलाइन लिलावात 'अँटिक सॅमन फ्लाय' (सॅमन मासा पकडायचं जुनं पिसांचं आमिष) असं शोधलं की एकाच पानावर दोन वेगळ्या जातीचा माल येतो आणि नवखा माणूस हमखास फसतो. दोन्हीकडे मोठा काळा गळ, त्यावर पिवळं-काळं रेशीम, चांदीची कलाबूत, वर लाल-निळ्या-पिवळ्या पिसांचे पंख, आणि टोकाला धातूच्या नेढ्याऐवजी वळलेल्या दोऱ्याचा फासा. फोटोत दोन्ही सारख्याच. पण एक असते शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी स्कॉटलंड नाहीतर नॉर्वेच्या नदीत खरंच मासा मारायला बांधलेली, आणि दुसरी गेल्या पन्नासेक वर्षांत कुणीतरी दिवसच्या दिवस भिंग लावून काचेमागे ठेवायला बांधलेली. दुसरी पाण्यात जाण्यासाठी नसतेच, रुखवतात मांडलेल्या लाडवांसारखी, फक्त बघायची.

ज्यांना हा प्रकारच माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. आपल्याकडे कोकणात गरीला कोलंबी किंवा गांडूळ लावतात तसं इथे खायचं काहीच नसतं, गळावरच पिसं, रेशीम आणि तार बांधून आमिष तयार करायचं, त्याला फ्लाय म्हणतात. आणि गंमत अशी की अटलांटिक सॅमन समुद्रातून अंडी घालायला नदीत परत आला की जवळजवळ खाणंच बंद करतो. मग तो फ्लायवर तोंड का टाकतो? कुणी म्हणतं चिडून, कुणी म्हणतं जुनी सवय, वाद अजून चालूच आहे. पण त्याचा परिणाम असा झाला की सॅमन फ्लाय नक्की कशासारखी दिसावी याला काही धरबंधच उरला नाही, ट्राउट माशाची फ्लाय निदान खऱ्या किड्यासारखी तरी करायला लागते, इथे तेही नाही. व्हिक्टोरियन साहेबांच्या हातात जगभरची पिसं आणि वर ही मोकळीक, मग काय व्हायचं ते झालं.

त्याआधीच्या स्कॉटिश फ्लाय तशा साध्या, मळकट रंगाच्या, बगळ्याचं पीस आणि टर्कीचं तपकिरी पीस असल्या. भडक रंगांची चाल आयर्लंडकडून आली असं मानतात. विल्यम ब्लॅकर हा आयरिश कारागीर लंडनच्या सोहो भागात दुकान टाकून बसला होता, आणि त्याच्या हातच्या फ्लाय आज मिळाल्या तर जमवणारे अक्षरशः तुटून पडतात. मग १८५० च्या आसपास 'जॉक स्कॉट' आली, लॉर्ड जॉन स्कॉट यांच्या पदरी असलेल्या माणसाने बांधलेली, आणि त्याच माणसाच्या नावाने ओळखली जाणारी. तिची कृती वाचली तर स्वयंपाकाची कृती बरी वाटेल: अर्धं अंग पिवळं रेशीम, अर्धं काळं, मध्ये टूकनची पिसं, पंखात टर्की, माळढोकाच्या जातीतला पक्षी, मोर, पिवळ्या-लाल-निळ्या रंगात बुडवलेला हंस, वर सोनेरी फेझंटचा तुरा, बाजूला जंगल कॉक (हा कोण ते पुढे सांगतो), गालावर निळा चॅटरर नावाचा निळाशार पक्षी, आणि शिंगांसारखी मकाव पोपटाची दोन पिसं. १८९५ मध्ये जॉर्ज केल्सनने 'द सॅमन फ्लाय' या पुस्तकात अशा कृती शेकड्यांनी छापल्या आणि अमुक पाण्याला अमुकच रंग लागतो असं अगदी छातीठोक लिहिलं. माशाला त्यातलं किती कळत होतं देव जाणे, पण गिऱ्हाइकाला बरोबर कळत होतं.

आता मुद्द्यावर येतो. ओळखायचं कसं?

सगळे आधी तो फासा बघतात. जुन्या सॅमन गळाला नेढं नसायचं, दांडीला वळलेल्या 'गट'चा फासा रेशमाने घट्ट बांधायचे. हे गट म्हणजे आतडं नव्हे हं, रेशमाचा किडा कोश विणायच्या बेतात असताना त्याला व्हिनेगरमध्ये घालून त्याची रेशमाची ग्रंथी बाहेर काढून ताणायची आणि वाळवायची, त्याची ती तार. स्पेनमधलं मुर्सिया या धंद्याचं मोठं ठिकाण होतं. वाळलं की गट काचेसारखं ठिसूळ होतं, म्हणून वापरायच्या आधी भिजवावं लागायचं, आणि काही वर्षांनी आतून कुजायचं, मग भला मोठा मासा लागला की फासा तुटून मासा आणि फ्लाय दोन्ही गेले. म्हणूनच १८८० नंतर धातूच्या नेढ्याचे गळ हळूहळू पसरले, तरी सॅमनवाले हट्टाने विसाव्या शतकातही बरीच वर्षं गटच वापरत राहिले, आणि दुसऱ्या महायुद्धानंतर नायलॉनने तो विषय संपवला. म्हणजे गटचा फासा दिसला की फ्लाय जुनी, असं वाटणं साहजिक आहे. पण नाही! फ्रेमसाठी बांधणारे लोक आजही मुद्दाम बिननेढ्याचे गळ हाताने घडवून घेतात आणि जुनं उरलेलं गट शोधून त्याचाच फासा करतात, कारण केल्सनच्या काळासारखं दिसायला हवं ना. त्यामुळे फासा ही खूण आहे, पुरावा नाही. उलट धातूच्या नेढ्याची एखादी १९२० सालची हार्डी या इंग्लिश दुकानाची फ्लाय खरी जुनी असते आणि लोक तिला नवी समजून सोडून देतात, ते वेगळंच.

माझ्या मते सगळ्यात भरवशाची खूण म्हणजे फ्लाय किती नीट आहे. जितकी जास्त नीट तितकी नवी असण्याची शक्यता जास्त. जुन्या फ्लाय दुकानातल्या बायका-पुरुष डझनाच्या हिशोबाने बांधायचे, त्यांना पटापट पुढच्या फ्लायला जायचं असायचं, डोक्याजवळचं रेशीम जाडजूड, त्यावर वॉर्निशचा काळपट थेंब, नाहीतर ते लपवायला काळी लोकर गुंडाळलेली. फ्रेमवाल्यांचं डोकं बघा, मोहरीएवढं, गुळगुळीत, चकचकीत. पंखांचंही तसंच. वेगवेगळ्या पिसांच्या बारीक पट्ट्या एकमेकींना चिकटवून एकच पंख करायचा हे कसब दोन्हीकडे आहे, पिसाच्या तंतूंना निसर्गतःच बारीक आकडे असतात, बोटाने हलकेच सारखं केलं की लाल पट्टी निळीला पकडून ठेवते, गोंदबिंद काही नाही. पण जुन्या फ्लायच्या पंखात त्या पट्ट्या सुटलेल्या, डावा पंख उजव्यापेक्षा किंचित वर, तुरा वाकडा. नव्यात दोन्ही पंख आरशात बघितल्यासारखे, वरचा तुरा जिथे संपतो बरोबर तिथेच शेपटीचा तुरा येऊन भिडतो, एक तंतू इकडचा तिकडे नाही.

आणि इथे मला सगळ्यात मजेशीर वाटणारी गोष्ट येते. नवी फ्लाय जुन्या पुस्तकाशी जास्त प्रामाणिक असते, जुनी फ्लाय नसते. तेव्हाच्या कारागिराकडे निळा चॅटरर संपला की तो खंड्याचं निळं पीस लावून मोकळा व्हायचा, लाल पीस नसलं की कोंबड्याचं पीस रंगवून लावायचा, गिऱ्हाईक नदीवर निघालंय, थांबणार थोडंच. आजचा फ्रेमवाला मात्र केल्सनने लिहिलंय ना 'इंडियन क्रो' मग इंडियन क्रोच पाहिजे म्हणून अडून बसतो, आणि तो पक्षी राहतो दक्षिण अमेरिकेत, दुर्मीळ, पीस मिळणं महाकठीण. म्हणून जुन्या म्हणवणाऱ्या फ्लायमध्ये प्रत्येक पीस पुस्तकाबरहुकूम खरं निघालं तर मी खूश होण्याऐवजी जरा सावध होतो.

बाकी खुणा पटकन सांगतो. जुनी कलाबूत खऱ्या धातूची, ती काळी पडते आणि तिच्या कडेने रेशमावर गंजाचा डाग उतरतो. गळाच्या टोकाला दगडावर धार लावल्याच्या रेघा, दांडीचा काळा लेप दातांनी खरवडलेला, घशाजवळची पिसं तुटकी, हे सगळं असलं तर ती फ्लाय कामावर जाऊन आलेली आहे. अल्ट्राव्हायोलेट टॉर्च मारून बघा, नव्या रंगांत आणि नायलॉनच्या धाग्यात चमक आणणारी रसायनं असली तर ती भकभकीत निळसर उजळतात, आणि ती रसायनं एडवर्डियन काळात, म्हणजे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला, नव्हतीच. फार्लो, हार्डी, पर्थचा मॅलोक अशा दुकानांचं कार्ड किंवा डबी सोबत असली तर चांगलंच, फक्त लक्षात ठेवा की डबी जुनी आणि आतली फ्लाय नवी असं करायला दोन सेकंद लागतात.

आता आपल्या कामाचा भाग. या दोन्ही प्रकारांत गालाजवळ एक पांढरट-पिवळा मेणाच्या थेंबासारखा चकचकीत ठिपका दिसतो, ते 'जंगल कॉक', आणि तो पक्षी म्हणजे आपला राखी रानकोंबडा. सह्याद्रीत, कोयना-आंबोलीच्या बाजूला पहाटे ज्याची बांग ऐकू येते तोच. त्याच्या मानेची पिसं पार स्कॉटलंडच्या ट्वीड आणि टे नद्यांपर्यंत गेली. १९०२ मध्ये ब्रिटिश सरकारनेच हिंदुस्थानातून पिसांच्या निर्यातीवर बंदी घातली, मग १९२१ मध्ये ब्रिटनने आयातीवर बंदी घालणारा कायदा केला, तोही मुळात बायकांच्या टोप्यांवरच्या पिसांमुळे, गळावरच्या नव्हे. आपल्याकडे १९७२ च्या वन्यजीव कायद्याने रानकोंबड्याची शिकार बंद आहे. आज तिकडे जी पिसं कायदेशीर मिळतात ती तिथेच पाळलेल्या रानकोंबड्यांची. त्यामुळे इथे बसून कुणी 'ओरिजनल इंडियन जंगल कॉक केप' (पिसांसकट मानेचं कातडं) विकत असेल तर तिकडे फिरकूही नका.

आणि या पिसांच्या हव्यासाची टोकाची गोष्ट फ्रेमवाल्यांच्याच जगात घडली, मासे मारणाऱ्यांच्या नाही. जून २००९ मध्ये लंडनमध्ये संगीत शिकणाऱ्या एका अमेरिकन तरुणाने इंग्लंडमधल्याच ट्रिंग गावच्या नॅचरल हिस्टरी म्युझियममध्ये रात्री खिडकी फोडून शिरून २९९ पक्ष्यांची कातडी सूटकेसमध्ये भरून नेली, त्यात एकोणिसाव्या शतकातला निसर्गशास्त्रज्ञ आल्फ्रेड रसेल वॉलेसने गोळा केलेले नमुनेही होते. इंडियन क्रो, चॅटरर, स्वर्गीय पक्षी, सगळे फ्लाय बांधणाऱ्यांना हवे असलेले. तो स्वतः नावाजलेला फ्लाय बांधणारा होता. पकडला गेला तेव्हा १७४ कातडी धड मिळाली आणि त्यातल्या फक्त १०२ वर मूळ चिठ्ठ्या शिल्लक होत्या, चिठ्ठी गेली की कुठे-कधी सापडला ही माहिती गेली, म्हणजे संशोधनाच्या दृष्टीने नमुना जवळजवळ वाया. शिक्षा झाली ती बारा महिन्यांची, तीही स्थगित. म्हणून आधुनिक फ्लाय घेताना पिसं कुठून आली हे विचारायला लाजू नका. बरेच चांगले कारागीर आता रंगवलेली साधी पिसंच वापरतात आणि तसं स्पष्ट लिहितात, मला तरी त्यात काही कमी वाटत नाही.

दोन कप्प्यांत नीट न बसणारंही एक नाव आहे, मेगन बॉइड. स्कॉटलंडच्या ब्रोराजवळ एका छोट्या घरात ही बाई आयुष्यभर फ्लाय बांधत बसली, गिऱ्हाइकांत तेव्हाचे प्रिन्स चार्ल्ससुद्धा, पण स्वतः कधी सॅमन मारला नाही. १९७१ मध्ये ब्रिटिश एम्पायर मेडल मिळालं तर कुत्र्याला सांभाळायला कुणी नाही म्हणून घ्यायलाच गेली नाही. २००१ मध्ये ती वारली. तिच्या फ्लाय नदीसाठी बांधलेल्या, तरी इतक्या नीटस की आज त्या फ्रेममध्येच असतात, आणि वर सांगितलेला माझा 'नीट म्हणजे नवी' हा नियम तिच्यापुढे सपशेल आडवा होतो. अशा वेळी फ्लायपेक्षा तिच्यासोबतचं पत्र, बिल, पाकीट याचीच किंमत जास्त.

किमतीबद्दल एवढंच की जुनं म्हणजे महाग असं समीकरण धरू नका. कुणी बांधली माहीत नाही अशी विसाव्या शतकाच्या सुरुवातीची दुकानी फ्लाय स्वस्तात मिळते, पंखाला कसर लागली असेल तर आणखीच, आणि नावाजलेल्या हयात कारागिराची सही असलेली फ्रेम तिच्यापेक्षा कितीतरी जास्त पैशांना जाते. सुरुवात करायची तर मी म्हणेन, गंजलेल्या टिनच्या डबीतल्या पाच-सहा कामकरी फ्लाय एकत्र घ्या, हातात घेऊन बघण्यातून जे कळतं ते फोटोंतून कळत नाही. फक्त त्या फाशाला ओढून बघू नका, कुजलेलं गट खटकन तुटतं. आणि घरी आणल्या की आधी हवाबंद पिशवीत घालून आठवडा-दोन आठवडे फ्रीजरमध्ये ठेवा, कसरीची अंडी असली तर मरतात, नाहीतर शेजारची दहा हजारांची फ्रेमही त्याच किड्यांच्या पोटात जायची.