शेतीसंरक्षणाच्या बंदुकीचा परवाना : नूतनीकरणात कुठे अडते?

कोकणात आणि गोव्यात रानडुकरांपासून शेत राखण्यासाठी ठासणीची किंवा एकनळी बंदूक बाळगणारी घरे बरीच आहेत. त्यातल्या अनेकांना वाटते की नूतनीकरण म्हणजे चलन भरायचे आणि पुस्तकावर शिक्का मारून घ्यायचा. शस्त्र अधिनियम, 1959 तसे मानत नाही. कलम 15 नुसार नवा परवाना देताना लागू होणारी कलमे 13 आणि 14 नूतनीकरणालाही लागू होतात, म्हणजे पोलीस अहवालासह तुमची पुन्हा चौकशी होते.

2019 च्या दुरुस्तीनंतर परवान्याची मुदत 3 ऐवजी 5 वर्षे झाली. मुदत लांबली तशी तारीख विसरणेही सोपे झाले. शस्त्र नियम, 2016 प्रमाणे अर्ज मुदत संपण्याच्या किमान 60 दिवस आधी द्यायचा असतो. जिल्ह्यात तो जिल्हादंडाधिकारी, म्हणजे जिल्हाधिकारी यांच्याकडे आणि पोलीस आयुक्तालयाच्या हद्दीत पोलीस आयुक्तांकडे जातो. मूळ परवाना पुस्तक, त्यावरचा युनिक आयडेंटिफिकेशन नंबर (राष्ट्रीय नोंदीतला परवान्याचा क्रमांक), ओळख व रहिवासाचा पुरावा, फोटो, शारीरिक-मानसिक तंदुरुस्तीचे वैद्यकीय प्रमाणपत्र आणि शुल्क भरल्याची पावती एवढी तयारी ठेवा. शेतीसंरक्षणाचा परवाना असेल तर चालू सातबाराही जोडा, कारण परवान्याचे कारणच ती जमीन आहे. जमीन विकली असेल तर प्रश्न येणारच. जुन्या पुस्तकावर युनिक नंबर नसेल तर आधी ते काम मार्गी लावा. शस्त्र परवान्यांच्या राष्ट्रीय नोंदीत नसलेला परवाना वैध मानला जात नाही.

मुदत संपून गेली तर? इथे चूक महागात पडते. कलम 21 सांगते की बाळगणे कायदेशीर राहिले नाही की शस्त्र विनाविलंब जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करायचे. बंदूक वापरली नव्हती, माळ्यावर पडून होती, हा बचाव होत नाही. विनापरवाना बाळगण्यासाठी 2019 नंतर किमान 2 आणि कमाल 5 वर्षांची कैद व दंड आहे. जमा करताना पोलीस ठाण्याची पावती घ्या आणि ती जपा. पुढे सगळे तिच्यावर ठरते.

नकाराची कारणे कायद्यात दिलेली आहेत. हिंसेच्या किंवा नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा झाली असेल, तर ती संपल्यापासून 5 वर्षे शस्त्र बाळगता येत नाही. बांधावरून भांडण होऊन ‘चॅप्टर केस’ झाली आणि शांतता राखण्याचे बंधपत्र (लेखी हमी) द्यायचा आदेश झाला, तर त्या बंधपत्राच्या मुदतीतही शस्त्र बाळगता येत नाही. गावाकडे हे फार जणांना माहीत नसते. मात्र पुरेशी मालमत्ता नाही, एवढ्याच कारणावरून नकार देता येत नाही. नकाराची कारणे लेखी नोंदवावी लागतात आणि मागितल्यास संक्षिप्त निवेदन द्यावे लागते. ते न देण्याची मुभा फक्त सार्वजनिक हिताला बाध येणार असेल तेव्हाच. म्हणून तोंडी ‘होणार नाही’ ऐकून परत येऊ नका, लेखी आदेश मागा. महाराष्ट्रात जिल्हादंडाधिकाऱ्यांच्या आदेशाविरुद्ध विभागीय आयुक्तांकडे कलम 18 खाली 30 दिवसांत अपील करता येते.

वडिलांच्या नावावरची बंदूक हा आणखी एक नेहमीचा गुंता. परवाना व्यक्तीचा असतो, घराचा नव्हे. वडील गेले की बंदूक जमा करून वारसाने स्वतःच्या नावे अर्ज करायचा. सोबत मृत्यूचा दाखला आणि इतर वारसांची ना-हरकत लागते. परवानाधारक हयात असेल तरी त्याचे वय 70 झाल्यावर, किंवा शस्त्र 25 वर्षे बाळगल्यावर, तो वारसाचे नाव सुचवू शकतो. वृद्ध परवानाधारकांनी हे जरूर करावे, मागच्यांची धावपळ वाचते. एका व्यक्तीकडे आता दोनच बंदुका राहू शकतात, वारशाने आलेली धरून.

अभयारण्यापासून 10 किलोमीटरच्या आत राहत असाल, तर वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, 1972 च्या कलम 34 खाली परवानाधारकाची वेगळी नोंदणी लागते. राधानगरी किंवा म्हादई परिसरातल्यांनी ती झाली आहे का ते पाहावे. आणि शस्त्र परवाना म्हणजे डुक्कर मारण्याची परवानगी नव्हे. ती वन विभागाकडून स्वतंत्रपणे घ्यावी लागते.